गाडीचं स्टेअरिंग गरम केलं, त्याची नोंद



आज फवारणीचं किंवा छाटणीचं काही नाही. गाडीचं आहे. पण थंडीतल्या बागेशी त्याचा संबंध आहे म्हणून इथंच लिहितो. लांब झालंय, निवांत वाचा.

आमच्या निफाड भागात थंडी किती पडते ते नवीन सांगायला नको. कुंदेवाडीच्या गहू संशोधन केंद्राचा आकडा पेपरात आला की सगळा महाराष्ट्र हळहळतो, आणि आम्ही तोवर बागेत शेकोट्या पेटवून बसलेलो असतो. काही वर्षी पारा ५ डिग्रीच्याही खाली जातो. मण्यात पाणी उतरायच्या वेळेला अशी थंडी आली तर फुगवण थांबते, मणी तडकतात. म्हणून पहाटे ठिबक सोडायचं, कारण विहिरीचं पाणी हवेपेक्षा गरम असतं, आणि बांधानं धूर करायचा. हे काम सहा वाजता उठून होत नाही. साडेचारला घर सोडावं लागतं. आमची बाग घरापासून चार किलोमीटर, त्यातला दीड किलोमीटर रस्ता कालव्याच्या भरावावरून जातो.

दोन हिवाळे झाले, माझ्या हाताची बोटं थंडीत पांढरी पडायला लागली. आधी करंगळी, मग तिच्या शेजारचं, मग तीन तीन बोटं. खडूसारखी पांढरी. टोचलं तरी कळत नाही. अर्ध्या तासानं रक्त परत आलं की आग आग होते. मी म्हणायचो, वय झालं, चालायचंच. कुणाला बोललो नाही. शेतकऱ्यानं बोटाची तक्रार काय करायची?

गेल्या पौषातली गोष्ट. पहाटेचं धुकं होतं. गाडीत मी आणि घरची मंडळी, मागच्या सीटवर डबा न् रॉकेलचा कॅन. भरावावर जिथं वळण आहे तिथं स्टेअरिंग फिरवलं आणि ते हातातून सुटलं. हातातून सुटलं हे मला हातानं कळलंच नाही, गाडी पाण्याकडं चालली ते डोळ्यानं दिसलं तेव्हा कळलं. ब्रेक लागला. पुढचं चाक भरावाच्या कडेवर थांबलं. खाली पाणी वाहत होतं, आवाज येत होता.

ती काही बोलली नाही. थोड्या वेळानं म्हणाली, "अहो, हात दाखवा." मी दाखवला. दिव्याच्या उजेडात चार बोटं पांढरी. "हे कधीपासून?" मी गप्प.

त्याच आठवड्यात नाशिकला डॉक्टरकडं गेलो. त्यांनी समजावून सांगितलं. थंडीनं बोटातल्या बारीक रक्तवाहिन्या गरजेपेक्षा जास्त आवळतात. ज्यांनी वर्षानुवर्षं हादरे देणारी मशिनं हातात धरली त्यांना हे जास्त होतं. माझी पंधरा वर्षं पॉवर टिलर आणि ब्रश कटरवर गेली. दुसरं म्हणजे तंबाखू. तंबाखूनंही त्याच वाहिन्या आवळतात. तंबाखू सोडा आणि हात गार पडू देऊ नका, एवढंच मुख्य. तंबाखू सोडली. कशी सोडली ती वेगळी नोंद होईल. राहिला प्रश्न हात गरम ठेवायचा.

लोकरीचे हातमोजे घालून बघितले. दोन अडचणी. एक तर गुळगुळीत प्लास्टिकवर लोकर सटकते. दुसरी, मोजा उष्णता तयार करत नाही, हातात असलेली फक्त धरून ठेवतो. बोटात रक्तच येत नसेल तर धरणार काय?

पुतण्या कॅनडात एडमंटनला असतो. फोनवर हे निघालं तर म्हणाला, "काका, इथं उणे तीसला जातं. माझ्या गाडीचं स्टेअरिंग बटण दाबलं की गरम होतं." मला आधी चेष्टा वाटली. मग विचार केला, यात आहे काय? तार, करंट आणि आवरण. मोटारीचा स्टार्टर आपण उघडतो, केबलला जॉइंट मारतो, हेही व्हायला पाहिजे.

आमची गाडी मारुती ८००, २००४ ची. तिला एअरबॅग नाही, पॉवर स्टेअरिंग नाही. हे आधी सांगतो, कारण पुढचं सगळं त्यावर अवलंबून आहे. ज्यांच्या गाडीच्या स्टेअरिंगमध्ये एअरबॅग आहे त्यांनी हे करायचं नाही. ती पिशवी स्फोटानं उघडते. चुकीच्या तारेला हात लागला आणि तोंडासमोर फुटली तर जीवावर बेतेल. त्या गाड्यांत चाकाखाली घड्याळाच्या स्प्रिंगसारखी गुंडाळलेली चपटी पट्टी असते, तिच्यातूनच एअरबॅगचा करंट जातो. तिला धक्का लागला तर गरजेच्या वेळी एअरबॅग उघडणार नाही.

आता काय केलं आणि कुठं चुकलो ते क्रमानं.

पहिली चूक. कार्बनची तापणारी तार मागवली, वरून सिलिकॉनचं आवरण असलेली. मल्टिमीटरवर मोजली तर मीटरला साधारण ३३ ओहम. दोन मीटर तार अख्खी रिंगवर गुंडाळली आणि दोन टोकं बॅटरीला लावली. पंधरा मिनिटं हात ठेवून बसलो. थंडगार. पिंपळगावचा मोटार वायंडिंगवाला आमचा जुना ओळखीचा, त्याला विचारलं. तो हसला. म्हणाला, "दादा, एकच लॅटरल दोन एकर ओढली तर शेवटच्या झाडाला पाणी जाईल का?" लगेच कळलं. दोन मीटर म्हणजे ६६ ओहम, त्यातून १४ व्होल्टला जेमतेम ३ वॅट निघतात. त्याच तारेचे अर्ध्या अर्ध्या मीटरचे चार तुकडे केले आणि चारही तुकड्यांना दोन्ही बाजूंनी वेगवेगळा करंट दिला, म्हणजे सबमेनवरून चार लॅटरल काढल्यासारखं. एक तुकडा साडेसोळा ओहम, चार मिळून साधारण ४ ओहम. इंजिन चालू असताना १४ व्होल्ट धरले तर सव्वातीन-साडेतीन अँपिअर आणि ४७ वॅटच्या आसपास. एका हेडलाईटपेक्षाही कमी. तार तीच, जोडणी बदलली.

दुसरी चूक. तारेला डाग द्यायला गेलो, कथील धरेना. कार्बनवर ते धरतच नाही. तांब्याची बारीक नळी घालून पकडीनं दाबावी लागते. डाग देण्यात एक संध्याकाळ वाया गेली.

तिसरी चूक आख्ख्या गावाला माहीत आहे. फिरणाऱ्या चाकाला करंट द्यायचा कसा? हॉर्नसाठी चाकाखाली पितळी कडं असतं, त्यावर एक संपर्क घासतो. मी म्हटलं, तयार रस्ता आहे, त्यातूनच देऊ. वायंडिंगवाला नको म्हणाला होता. मी ऐकलं नाही. सकाळी पाचला बटण दाबलं आणि हॉर्न जो सुरू झाला तो थांबेना. हॉर्नचं बटण म्हणजे त्या तारेला अर्थ देणं, बाकी काही नाही. माझ्या हीटरनं कायमचा अर्थ दिला. बटण बंद करायचं सोडून मी बॉनेट उघडून बॅटरी काढली, तोवर अर्धी गल्ली बाहेर. शेजारचे तात्या काठी घेऊन आले होते.

शेवटी जे टिकलं ते असं. बॅटरीची निगेटिव्ह काढली. हॉर्नचं पॅड काढून मधला नट सैल केला, पण पूर्ण काढला नाही. चाक हलवून हलवून सुटतं, आणि नट नसेल तर एकदम तोंडावर येतं. त्याआधी चाकावर आणि दांड्यावर रंगाची रेघ मारून ठेवली, नाहीतर बसवताना चाक वाकडं बसतं. मग सिलिकॉनची मऊ तार चाक आणि दांडा यांच्यामध्ये सैल पाच वेढे देऊन ठेवली. आमचं चाक या टोकापासून त्या टोकापर्यंत चार फेऱ्यांना थोडं कमी फिरतं, म्हणजे मधून एका बाजूला दोनच्या आत. पाच सैल वेढ्यांत ते बसतं, एकीकडं आवळतं, दुसरीकडं सैल होतं. वेढे इंडिकेटरच्या दांडीत अडकू नयेत म्हणून पीव्हीसी पाईपचा तुकडा कापून घर केलं. पुढची दोन्ही चाकं जॅकवर उचलून स्टेअरिंग दोन्ही टोकांना पन्नास वेळा फिरवलं. तार कुठं घासत नाही, अडकत नाही, हे हातानं आणि डोळ्यानं बघितलं. स्टेअरिंग अडकलं तर बोटं गरम असून काय उपयोग? शेवटचा नट गॅरेजवाल्याकडून आवळून घेतला. तेवढं काम मी स्वतःवर सोडलं नाही.

बॅटरीकडून येणाऱ्या तारेला ५ अँपिअरचा फ्यूज, तोही बॅटरीजवळ. मध्ये रिले, त्याला इग्निशनवरून करंट, म्हणजे चावी काढली की सगळं बंद. आणि ४५ डिग्रीला तोडणारा थर्मोस्टॅट, रिंगला चिकटवून. हा थर्मोस्टॅट कुणी वाचवायचा नाही. ज्याची बोटं बधिर आहेत त्याला भाजलेलं कळत नाही. शुगरवाल्यांना तर अजिबात नाही.

वरून रेक्झिनचं कव्हर, ते घरच्यांनी दाभणानं शिवलं. टाका एकदम बारीक. मी शिवलेले चार टाके तिनं उसवून टाकले.

खर्च लिहून ठेवलाय: तार ३५०, थर्मोस्टॅट ६०, रिले १५०, फ्यूज आणि होल्डर ४०, साधी तार १२०, रेक्झिन आणि दोरा ३५०. एकूण १०७० रुपये. वाया गेलेला वेळ धरलेला नाही.

मणी आणि पानाचं तापमान बघायला घेतलेला इन्फ्रारेड थर्मामीटर आहे, त्यानं मोजलं. पहाटे रिंग ८ डिग्री. ४ मिनिटांनी २२. १० मिनिटांनी ३४. म्हणजे पहिली चार मिनिटं फार फरक नाही, आणि माझा रस्ताच दहा मिनिटांचा. म्हणून आता गाडी चालू करतो, बटण दाबतो, हात काखेत घालून चार मिनिटं उभा राहतो आणि मगच बसतो. इंजिन बंद ठेवून बॅटरीवर तापवत नाही. थंडीत बॅटरी आधीच नरम असते.

उपयोग झाला का? झाला. या हिवाळ्यात गाडीत बसून बोटं पांढरी पडली ती फक्त दोनदा. पण खरं ते सांगतो, आजार गेला नाही. बागेत व्हॉल्व्ह फिरवताना, ओल्या काडीला हात लागला की अजूनही पडतात. तार रिंगला गरम करते, माझ्या रक्तवाहिन्यांना नाही.

त्या दोनदाच्या दिवसांचं सांगून संपवतो. कालव्याच्या त्या दिवसानंतर ती एकदाच बोलली होती, "मला गाडी शिकवा." मी टाळलं. म्हटलं, आधी हे स्टेअरिंग होऊ दे. खरं म्हणजे मला वाटत होतं, यंत्र नीट केलं की माझं नीट होईल आणि कुणाला काही शिकवायची वेळ येणार नाही. ते कव्हर शिवता शिवता तिनं पुन्हा विचारलं. तेव्हा हो म्हटलं. खळ्यावर शिकली, मग रस्त्यावर. रीतसर लायसन्स काढलं, वयाच्या ४९ व्या वर्षी. आता सकाळी निघायच्या आधी ती म्हणते, "हात दाखवा." बोटं पांढरी असली तर मी गुपचूप दुसऱ्या बाजूला जाऊन बसतो. भरावाच्या वळणावर ती माझ्यापेक्षा हळू घेते.

परवा म्हणाली, "चाक गरम आहे ते बरंय हो, माझेही हात गार पडायचे." इतकी वर्षं माझ्या शेजारी बसून पहाटे बागेत येते. तिचे हात गार पडतात का, हे मी कधी विचारलंच नव्हतं.

मंडळी, ज्यांनी टिलर, कटर, चेन सॉ वर्षानुवर्षं धरलाय आणि थंडीत बोटं पांढरी पडतात, त्यांनी वय झालं म्हणून सोडून देऊ नका. डॉक्टरला दाखवा, घरात सांगा. तार नंतर गुंडाळा.

जोडणीत माझं काही चुकत असेल तर जाणकारांनी जरूर सांगावं. उद्या पहाटे पुन्हा ठिबक आहे.