गंजलेल्या पिना आणि शंकरची सही

भिवंडी हे यंत्रमागांचं आणि गोदामांचं गाव. इथं रद्दीला तोटा नाही. हिशेबाच्या चोपड्या, गेल्या सालची गाइडं, लग्नपत्रिका यांच्या गठ्ठ्यातून मधूनच 'चांदोबा'चा एखादा अंक डोकं वर काढतो आणि जुनी बालमासिकं जमवणाऱ्याचा दिवस सोन्याचा होतो.

'चांदोबा' मूळचा मद्रासचा. नागी रेड्डी आणि चक्रपाणी यांनी जुलै १९४७ मध्ये तो तेलुगू आणि तमिळमध्ये काढला. मराठी आवृत्ती १९५२ची, मल्याळममधली 'अंबिली अम्मावन'ही त्याच वर्षीची. गोष्टी आणि चित्रं बहुतेक सामाईक असत. त्यामुळे मुखपृष्ठ फाटलेल्या मराठी अंकाचा काळ ठरवायचा झाला, तर केरळातल्या संग्राहकाकडचा अंक शेजारी ठेवून तो बराचसा ताडता येतो.

आणि काय ती चित्रं! हातात उपसलेली तलवार, खांद्यावर प्रेत, भोवती स्मशान, अशा विक्रमराजाचं ते चित्र शंकर म्हणजे के. सी. शिवशंकरन यांचं. शंकर २०२० साली गेले. त्यांची सही असलेलं पान हाती आलं की प्रस्तुत लेखक किंमत विचारायचंही विसरतो.

दुसरा मान 'इंद्रजाल'चा. टाइम्स समूहाने मार्च १९६४ मध्ये सुरू केलेली ही कॉमिक्स मराठीतही आली. त्यातले नायक वेताळ आणि मँड्रेक परदेशी; आबिद सुरती यांचा बहादूर मात्र इथला, १९७६चा. १९९० मध्ये मालिका थांबली. बालभारतीचं 'किशोर' (नोव्हेंबर १९७१) मात्र अजून चालू आहे, आणि त्याचे जुने अंकही बालभारतीने संकेतस्थळावर खुले केले आहेत. हे फार मोठं काम आहे.

बाकीचं घरोघरी कुजतंय. २६ जुलै २००५च्या पुरात भिवंडी-कल्याण पट्ट्यात घराघरांत पाणी शिरलं, पण कागदाचा रोजचा शत्रू त्याहून चिमुकला आहे: अंकाच्या मधली पिन. दमट हवेत ती गंजते, डाग घडीत उतरतो आणि मधलं पान सुटून येतं. पिन अलगद उघडून काढावी, त्याच भोकांतून सुती दोरा ओवून शिवण घालावी. सेलोटेप लावू नये, तो पिवळा पडून कागद खातो. लॅमिनेशन तर मुळीच नको. बाइंडिंग करतानाही कडा कापू देऊ नयेत. कात्रीबरोबर चित्रकाराची सही जाते. जाहिरातींची पानं काढून टाकणं हाही गुन्हाच. त्या काळची साबणं, गोळ्या, शाईची पेनं तिथंच तर भेटतात.

यंदा दिवाळीच्या आवराआवरीत माळ्यावरची ट्रंक उतरवाल, तेव्हा बालमासिकांचा गठ्ठा किलोच्या भावाने देऊ नका. पानं उलटून पाहा, वाचनालयाचा शिक्का असेल तर तो जपा, आणि घरात जागा नसेल तर अंक एखाद्या संग्राहकाला किंवा गावच्या ग्रंथालयाला द्या.