तोंडाला तोंड

'बायपास' हा शब्द आता आपल्या घराघरात पोचला आहे. मोहल्ल्यात कोणाचे अब्बा, कोणाचे खालू बायपास करून आलेले असतात. छातीवरचा व्रण दाखवून ते सांगतात, 'पायाची नस काढून दिलाला लावली.' ऐकणारे मान डोलावतात. पण नस 'लावली' म्हणजे नेमके काय केले, हे सांगणाऱ्याला ठाऊक नसते आणि ऐकणाराही विचारत नाही. सर्जनच्या भाषेत त्या कामाला नाव आहे, ॲनास्टोमोसिस. एका नळीचे तोंड दुसऱ्या नळीला अशा रीतीने शिवायचे, की एकीतले रक्त दुसरीत जाऊ लागेल. आतड्याचे दोन तुकडे जोडतात तेव्हाही हाच शब्द वापरतात. डायलिसिसच्या रुग्णाच्या मनगटात धमनी आणि शीर एकमेकींना जोडतात, तेही हेच. आणि जेव्हा नळी एक-दोन मिलिमीटरची किंवा त्याहून बारीक असते, टाके सूक्ष्मदर्शकाखाली घालावे लागतात, तेव्हा त्याला मायक्रोव्हॅस्क्युलर ॲनास्टोमोसिस म्हणतात.

हा लांबलचक शब्द मला 2018 मध्ये मामूंच्या मुलाच्या केसपेपरवर भेटला. तो भिवंडीत एका कारखान्यात कपडा कापायचा. उभ्या पात्याची मशीन उजव्या हाताने पुढे सरकवायची आणि डाव्या हाताने कापडाची थप्पी दाबून धरायची, असे ते काम. अशा कामाला तारेच्या जाळीचा हातमोजा लागतो. तो तिथे नव्हता. डाव्या हाताचा अंगठा साफ तुटला आणि तर्जनीचा पुढचा भाग चिरडून गेला. सोबतच्या एका पोराने अंगठा धुतलेल्या ओल्या कपड्यात गुंडाळला, प्लॅस्टिकच्या पिशवीत बांधला आणि ती पिशवी बर्फात ठेवली. हे त्याला कोणी शिकवले होते, देव जाणे. तर्जनी जोडण्यासारखी राहिली नव्हती. अंगठ्यासाठी मात्र डॉक्टर सात तास उभे राहिले. हाताचे जवळजवळ निम्मे काम एकटा अंगठा करतो, म्हणून त्याच्यासाठी ही माणसे हट्टाने झटतात.

बाहेर येऊन डॉक्टरांनी सांगितले, 'अंगठा जोडला आहे.' मामूंनी शुकराना नमाज अदा केली. गावाकडे फोन गेले. अम्मीने नजरेच्या भीतीने सदका काढला.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी अंगठा जांभळा पडला. धमनीतून रक्त आत येत होते, पण परत नेणारी शीर बंद झाली होती. अशा वेळी काही ठिकाणी आजही जळू लावून साचलेले रक्त काढतात. आपल्या युनानी हकिमांच्या इर्साले-अलकचीच ही आधुनिक बहीण म्हणायची. पण इथे डॉक्टरांचे मत पडले, की परत आत जाऊन शीर नव्याने जोडावी. संमतीचा कागद पुढे आला आणि मामू अडून बसले.

'एक बार जोड दिया ना? फिर खोलने का क्या मतलब?'

त्यांचा राग मला आजही चुकीचा वाटत नाही. पहिल्या ऑपरेशनला घरातले सोने गेले होते. आता दुसऱ्यांदा पैसे काढायचा हा डाव आहे, असे त्यांच्या मनाने घेतले. मामूंनी तीस वर्षे लूम चालवला. ताण्याचा धागा तुटला की कारागीर चुटकीसरशी गाठ मारतो आणि लूम पुढे चालतो. गाठ बसली की काम संपले. 'जोडला' हा शब्द त्यांनी याच अर्थाने ऐकला होता. डॉक्टर जे बोलत होते त्याचा अर्थ वेगळा होता, आणि मराठी, हिंदी, उर्दू, कुठल्याही भाषेत त्यांच्या तोंडून 'जोडला' यापलीकडे शब्द निघत नव्हता. घाई होती. रक्ताविना, किंवा रक्त तुंबून, अंगठा फार काळ तग धरत नाही.

मी मामूंच्या शेजारी बसले. म्हटले, 'मामू, ये धागा नहीं है, पाइप है.' आपल्या गल्लीत नळाची नवी लाइन टाकली होती, आठवते? दोन पाइप नीट जोडले होते, कुठे थेंब गळत नव्हता, तरी पाणी येत नव्हते. आत गाळ बसला होता. इथे गाळ म्हणजे गोठलेले रक्त. टाका पक्का आहे, पण आतले तोंड बंद झाले आहे. ते तोंड परत उघडायचे आहे. मामू थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, 'मतलब जोड पक्का होना काफी नहीं. मुंह खुला रहना चाहिए.' आणि त्यांनी सही केली.

त्यांनी 'मुंह' म्हटले ते मी पाइपवरून बोलले म्हणून. पुढे घरी आल्यावर शब्दाचे मूळ शोधले तेव्हा मी चाट पडले. ग्रीक भाषेत 'स्टोमा' म्हणजे तोंड. ॲनास्टोमोसिस म्हणजे तोंड देणे, वाट उघडून देणे. शिवणे किंवा बांधणे हा अर्थ त्यात नाहीच. अरबीत याच क्रियेला 'मुफागरा' म्हणतात. त्याचे मूळ फे-गैन-रे, आणि अर्थ तोंड 'आ' करून उघडणे. दोन नळ्या एकमेकींसमोर तोंड उघडून उभ्या आहेत, असे चित्र अरबी शब्दात चक्क दिसते. हिंदीत 'सम्मिलन' असा शब्द दिलेला आढळतो. तो सुंदर आहे, पण त्यात मीलन आहे, तोंड नाही. मराठीत मी 'मुखमीलन' करून पाहिला. तो वर्गात उच्चारला तर आठवीची मुले बाकाखाली शिरून हसतील. 'तोंडाला तोंड' म्हणावे, तर आपल्याकडे त्याचा अर्थ उलट उत्तर देणे! मला मात्र तोच शब्द आवडतो. रक्तानेही तिथे उत्तर द्यायचेच असते.

या शब्दाचा आपल्या इतिहासाशीही एक धागा आहे. जालीनूस, म्हणजे गॅलेन, याने धमन्या आणि शिरा यांच्यामधल्या सूक्ष्म वाटांसाठी हाच शब्द वापरला होता. हृदयाच्या उजव्या कप्प्यातले रक्त मधल्या पडद्यातल्या अदृश्य छिद्रांतून डावीकडे झिरपते, असेही तो मानायचा. तेराव्या शतकात दमास्कस आणि कैरोत राहिलेल्या इब्न अल-नफीसने हे साफ नाकारले. त्याने लिहिले, की पडद्यात छिद्रे नाहीत, रक्त फुफ्फुसातून फिरून येते आणि तिथल्या दोन वाहिन्यांमध्ये 'मनाफिज' म्हणजे वाटा आहेत. त्या वाटा, म्हणजे केशवाहिन्या, मालपिघीने सूक्ष्मदर्शकातून पाहिल्या त्या 1661 मध्ये. आपल्या मासिकांत अल-जहरावीचे नाव अशा प्रसंगी हमखास येते. तो थोर सर्जन होताच. पण रक्त थांबवण्यासाठी धमनी बांधून टाकणे हे त्याचे काम, आणि इथे चालले आहे ते नेमके उलटे. प्रत्येक शोध आपल्याच पूर्वजांच्या खात्यावर लिहिण्याची घाई कशाला? इब्न अल-नफीस पुरेसा आहे.

नळीला नळी शिवण्याची खरी रीत सापडली ती फ्रान्समधल्या लिओं शहरात. हे रेशमाचे शहर, भिवंडी-मालेगावसारखेच मागांच्या खडखडाटावर वाढलेले. तिथे 1894 च्या जूनमध्ये फ्रान्सचे अध्यक्ष सादी कार्नो यांना खंजीर मारला गेला. यकृताकडे जाणारी मोठी शीर तुटली होती आणि तुटलेली शीर शिवण्याची रीत कोणालाच ठाऊक नव्हती. अध्यक्ष त्याच रात्री गेले. त्या वेळी अलेक्सिस कारेल हा तिथे वैद्यकाचा तरुण विद्यार्थी होता. त्याचे घर कापडाच्या धंद्यातले. तो मादाम लरूदिए नावाच्या कशिदाकारी करणाऱ्या बाईकडे जाऊन बारीक सुईचे काम शिकला. हे वाचताना मला अम्मी आठवली. दुपट्ट्यावर कशिदा काढताना तिचे टाके उलट बाजूनेही सुलट दिसतात. कारेलची युक्ती अशी: गोल तोंडाच्या कडेवर सारख्या अंतराने तीन टाके घालून ताणायचे. गोलाचा त्रिकोण होतो, कड सरळ होते आणि मग शिवायला सोपे जाते. दोन्ही नळ्यांचे आतले अस्तर एकमेकांना भिडले पाहिजे, आत कुठे चुणी राहता कामा नये. चुणी राहिली की तिथे रक्त गोठते. हे त्याने 1902 मध्ये प्रसिद्ध केले आणि 1912 मध्ये त्याला नोबेल मिळाले. पुढे याच माणसाने 'निकृष्ट' माणसे नाहीशी करण्याची भाषा लिहिली. ती मला किळसवाणी वाटते. ज्या बाईने त्याला सुई धरायला शिकवले, तिचे नाव त्याच्यापेक्षा आदराने घ्यावेसे वाटते.

1960 मध्ये अमेरिकेत जेकबसन आणि सुआरेझ यांनी शिवताना वर सूक्ष्मदर्शक लावला आणि दीड मिलिमीटरहून बारीक वाहिन्या जोडून दाखवल्या. 1963 मध्ये शांघायला चेन झोंगवेई यांनी एका कामगाराचा यंत्रात तुटलेला हात पुन्हा जोडला. जपानमध्ये कोमात्सु आणि तामाई यांनी 1965 मध्ये पूर्ण तुटलेला अंगठा जोडला. आज या कामाला जो नायलॉनचा धागा लागतो त्याला 'दहा-शून्य' म्हणतात. शून्ये जितकी जास्त तितका धागा बारीक. दहा-शून्य म्हणजे केसाच्या साधारण एक तृतीयांश जाडीचा. बोटाच्या धमनीच्या त्या इवल्याशा तोंडाभोवती असे सहा-आठ टाके बसतात. टाके घालण्याआधी हाड थोडे कापून आखूड करतात आणि तारेने पक्के करतात, म्हणजे वाहिन्यांवर ताण येत नाही. धमनी कमी पडली तर हाताची एखादी शीर काढून मध्ये लावतात आणि तीही उलटी फिरवून, कारण शिरेतल्या झडपा रक्ताला एकाच दिशेने जाऊ देतात.

वापराबाबत डॉक्टर मंडळी काटेकोर असतात, ते मला पटते. ॲनास्टोमोसिस फक्त पोकळ वस्तूची होते. त्यामुळे चेतातंतू जोडला तर काटेकोर सर्जन हा शब्द वापरत नाही. जुन्या पुस्तकांत तो तसा दिसतो, पण चेतातंतूला तोंड कुठे आहे? त्याची फक्त टोके समोरासमोर आणून टाचतात. कंडरेची तर दुरुस्तीच. उलट, जिथे कोणी शिवलेले नाही अशा ठिकाणीही हा शब्द येतो. आपल्या तळहातात धमन्यांची कमान आहे, मेंदूच्या तळाशी धमन्यांचे कडे आहे. एक वाट बंद पडली तर रक्त दुसरीने जावे, म्हणून जन्मतःच जोडलेली ही तोंडे. त्यांनाही ॲनास्टोमोसिसच म्हणतात.

आणि आपण? आपल्या बोलीत सगळ्याला एकच शब्द, नस. नस कापली, नस दबली, नस चढली. पहिली शीर, दुसरी चेतातंतू, तिसरी बहुधा स्नायू. मी उर्दू माध्यमाच्या शाळेत विज्ञान शिकवते. आमच्या पुस्तकांत शिरियान म्हणजे धमनी, वरीद म्हणजे शीर, असब म्हणजे चेतातंतू असे स्वच्छ शब्द आहेत. वरीद तर सूरह काफमधून मुलांच्या ओळखीचा असतो. पण हे शब्द परीक्षेपुरते राहतात. वर्गात 'शिरियान' लिहिणारा मुलगा घरी जाऊन 'नस'च म्हणतो आणि दवाखान्यात त्याच्या बापाला कोणी यातले काही विचारत नाही. मुलांनी उर्दू शिकावे की मराठी की इंग्रजी, यावर आपल्याकडे सभा होतात. कागदावर सही करणाऱ्या माणसाला कागद कळला का, यावर झालेली सभा मी अजून पाहिलेली नाही.

रक्ताभिसरणाचा धडा आला की आता मी एक तास जादा घेते. आमच्या वर्गातल्या निम्म्या पोरांचे बाप आणि भाऊ यंत्रांवर काम करतात. बोट तुटले तर ते स्वच्छ ओल्या कपड्यात, मग कोरड्या पिशवीत, मग ती पिशवी बर्फात. बोट थेट बर्फात किंवा पाण्यात कधीही नाही. वेळ लिहून ठेवायची. हे मी त्यांच्याकडून फडक्यात खडू गुंडाळून करून घेते. मग दोन स्ट्रॉ घेऊन तोंडाला तोंड लावायला सांगते आणि एकीतून फुंकर मारायला लावते. हवा दुसऱ्या टोकाला आली तर जोड खरा. डॉक्टर याला 'पेटंट' म्हणतात, म्हणजे उघडा, वाहता. मुलांना पेटंट म्हणजे कंपन्यांचे हक्क एवढेच ठाऊक असते. मूळ लॅटिन शब्दाचा अर्थ उघडे असणे, हे सांगितले की त्यांना गंमत वाटते.

मामूंच्या मुलाचा अंगठा वाचला. खोली उबदार ठेवायची, विडी-सिगारेट बंद, चहासुद्धा बंद, असे दिवस गेले. दर तासाला नर्स अंगठ्याचा रंग बघायची. फिकट आणि गार पडला तर धमनी, जांभळा पडला तर शीर, हे मामूही शिकले आणि नर्सच्या आधी बघू लागले. तंतू दिवसाला साधारण एक मिलिमीटर वाढतात, म्हणून स्पर्श परतायला कित्येक महिने लागले. अंगठा थोडा आखूड आहे, पुरता वाकत नाही आणि थंडीत ठणकतो. तो आता कटिंगला नाही, चेकिंगच्या टेबलावर बसतो आणि कापडातली खोट त्याच अंगठ्याने चाचपून काढतो.