कुकर कुणी लावायचा?

मैत्रिणींनो, सासूनं सुनेची तक्रार करायची यात नवीन ते काय! पण आज मी सुनेची नाही, माझीच तक्रार घेऊन आले आहे. सांगताना जरा अवघडल्यासारखं होतंय, पण सांगते.

आम्ही डोंबिवलीचे. सूनबाई ठाण्याला बँकेत आहे. सकाळी साडेसातची लोकल, संध्याकाळी घरी यायला सात तरी वाजतात. लग्नाआधी ती गाणं शिकत होती, मध्यमा पूर्णपर्यंत परीक्षाही दिल्या होत्या. मग लग्न, बाळंतपण, छकुलीची शाळा, सगळं एकामागून एक आलं. दोन वर्षांपूर्वी तिनं पुन्हा क्लास लावला. मंगळवारी आणि शुक्रवारी स्टेशनवरून परस्पर क्लासला जायची आणि नऊच्या सुमारास घरी यायची. विशारद प्रथमची परीक्षा द्यायची होती तिला.

मी वरवर म्हटलं, “शीक हो, छानच आहे.” पण ते दोन दिवस कुकर लावा, कणीक मळा, छकुलीला शुद्धलेखन घाला, सगळं माझ्याकडे आलं. माझे गुडघे बासष्ट वर्षांचे. मनात कुरकुर साठत गेली.

२०२५ च्या नवरात्रातली गोष्ट. शुक्रवार होता. कुकरची रिंग सैल झालेली, शिट्टीच होईना. छकुलीला ताप. तेवढ्यात सूनबाई आली ती गुणगुणतच. माझा तोल गेला. म्हटलं, “आता या वयात विशारद होऊन काय राष्ट्रीय पुरस्कार घ्यायचाय का?”

ती काही बोलली नाही. हातपाय धुतले आणि तवा ठेवला. पुढच्या मंगळवारी ती सात वाजता घरी हजर. शुक्रवारीही तेच. पंधरा दिवसांनी छकुली म्हणाली, “आजी, आईनं क्लास सोडला.”

खरं सांगू? पहिल्यांदा मला सुटल्यासारखंच वाटलं.

आता माझं थोडं सांगते, म्हणजे माझा अपराध केवढा ते तुमच्या लक्षात येईल. माझं माहेर कल्याणचं. कल्याण ते डोंबिवली, मध्ये एक ठाकुर्ली, एवढंच अंतर. कल्याण गायन समाज ही १९२६ सालची संस्था. वडील मला बोट धरून तिथे बैठका ऐकायला नेत. मला मोठमोठ्या चिजा कळत नसत, पण समेवर सगळ्यांच्या माना एकदम हलायच्या, ते फार आवडायचं. मीही शिकले, मध्यमा पूर्ण झाले. १९८५ साली लग्न झालं तेव्हा आईनं भांड्यांबरोबर माझी पेटीही पाठवली.

सासरी चाळीत दहा बाय बाराची खोली आणि पुढे गॅलरी. आजकाल ‘बहुउद्देशीय सभागृह’ असा शब्द ऐकते ना, तेव्हा मला ती खोली आठवते. पहाटे ती न्हाणीघर, सकाळी स्वयंपाकघर, दुपारी नणंदेची अभ्यासिका, संध्याकाळी मामंजींचं दिवाणखाना, रात्री सात जणांचं झोपायचं घर. सगळ्या उद्देशांना त्या खोलीत जागा होती, फक्त माझ्या पेटीला नव्हती. सासूबाई वाईट नव्हत्या हो. एकदाच म्हणाल्या, “तिन्हीसांजेला बायकांनी दिवा लावावा, गळा काढू नये.” मी मनाशी म्हटलं, जाऊ दे, उगाच सगळ्यांची गैरसोय कशाला? पेटी माळ्यावर गेली. सहा-सात वर्षांनी खाली काढली तर भाता उंदरांनी कुरतडलेला. विशारदचा फॉर्म भरायचा राहिला तो राहिलाच. त्या वेळी मी रडलेसुद्धा नाही.

तर आता त्या दोन नोव्हेंबरकडे येते. २ नोव्हेंबर २०२५, रविवार. नेरुळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर बायकांच्या क्रिकेटच्या विश्वचषकाचा अंतिम सामना, भारत आणि दक्षिण आफ्रिका. सूनबाई आणि तिची बँकेतली मैत्रीण जाणार होत्या. मैत्रिणीचं ऐन वेळी जमेना. सूनबाई म्हणाली, “आई, तुम्ही चला.”

“मी? आणि इथलं जेवणखाण?”

तर आमचे हे पेपरातून मान वर काढून म्हणाले, “जा की! खिचडी मी लावतो.” चाळीस वर्षांत हे वाक्य मी पहिल्यांदा ऐकलं. ऐकून आधी खुर्चीतच बसले.

डोंबिवलीहून ठाणे, तिथून वाशी-नेरुळकडची गाडी. डब्यात निळे शर्ट घातलेल्या पोरीच पोरी. कुणी आईबरोबर, कुणी आजीबरोबर. मला वाटलं होतं, आपणच एकट्या म्हाताऱ्या असू!

स्टेडियम पाहून मी थक्क झाले. एवढं मोठं छप्पर, पण आपल्या डोळ्यांपुढे खांब एकसुद्धा नाही. मी सूनबाईला विचारलं, “हे उभं राहतं कसं?” ती म्हणाली, “आई, सगळा भार मागून तोललेला असतो. पुढून दिसत नाही, एवढंच.” हे स्टेडियम २००८ साली उघडलं. क्रिकेट तर इथे होतंच, पण २०१७ साली मुलांच्या फुटबॉल विश्वचषकाचे सामने इथे झाले. त्याच वर्षी जस्टिन बीबर गाऊन गेला. २०१९ मध्ये यू टू नावाचा आयर्लंडचा वाद्यवृंद आला आणि २०२५ च्या जानेवारीत कोल्डप्लेचे तीन कार्यक्रम झाले. गाण्याच्या वेळी हिरवळीवर तात्पुरती जमीन अंथरतात, कार्यक्रम संपला की ती उचलतात. आमच्या चाळीतल्या गाद्यांसारखंच की! आपल्या डोंबिवलीचं घरडा सर्कलजवळचं क्रीडा संकुल तरी काय, खेळाचं मैदान, पण २०१७ साली नव्वदावं मराठी साहित्य संमेलन तिथेच भरलं होतं. जागा एकच असली तरी वेळ वाटून घेतली की सगळ्यांना पुरते.

सामना तीनला सुरू व्हायचा, पण पाऊस. पाच वाजेपर्यंत आम्ही नुसत्या बसून. लाउडस्पीकरवर गाणी चाललेली, लोकही बरोबरीनं गात होते. या विश्वचषकाचं खास गाणं श्रेया घोषालनं गायलेलं. आणि सूनबाई? एरवी भांडी घासताना गुणगुणणारी ती, ओठ मिटून बसली होती. ते काही मला बघवेना. विचारलं, “क्लास का सोडलास गं?”

ती रागावून बोलली असती तर बरं झालं असतं. शांतपणे म्हणाली, “तुम्ही विचारलंत ना, राष्ट्रीय पुरस्कार घ्यायचाय का म्हणून. मी खरंच विचार केला, आई. नाहीच मिळणार मला. मग उगाच सगळ्यांची गैरसोय कशाला?”

गैरसोय! तोच शब्द, चाळीस वर्षांनी, माझ्याच घरात. माळ्यावरची पेटी डोळ्यांपुढे आली. सासूबाईंनी निदान संध्याकाळच्या दिव्याचं नाव घेतलं होतं. मी तर पुरस्काराचं नाव घेऊन तिचं तोंड बंद केलं होतं.

त्या पावसात मी मनाशी पुरस्कारवाल्यांची उजळणी केली. श्रेया घोषालला पाच वेळा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार मिळाला, त्यातला एक २००८ सालच्या पुरस्कारांत, आपल्या मराठी ‘जोगवा’तल्या गाण्याचाही धरून. त्याच ‘जोगवा’साठी हरिहरनना आणि संगीतकार अजय-अतुलनाही मिळाला. आरती अंकलीकरांना दोनदा मिळाला, एकदा कोकणी ‘अंतर्नाद’साठी आणि एकदा ‘संहिता’साठी. लताबाईंना तीनदा, आशाबाईंना दोनदा. शास्त्रीय संगीताचा मान म्हणजे संगीत नाटक अकादमीचा. तो मोगूबाई कुर्डीकरांना १९६८ साली मिळाला आणि त्यांची लेक किशोरी आमोणकर यांना १९८५ साली. मोगूबाईंचे यजमान लवकर गेले. पदरी तीन मुलं, तरी त्यांनी गाणंही सोडलं नाही आणि लेकीला शिकवणंही. आपल्या ठाण्यात राहिलेले पंडित राम मराठे, त्यांनाही अकादमीचा मान मिळाला होता. ठाणे महापालिका त्यांच्या नावानं संगीत समारोह भरवते.

ही सगळी नावं मोठीच. पण बायांनो, देशभरातून असे पुरस्कार वर्षाला मिळून मिळून कितीजणांना मिळणार? आणि ज्यांना नाही मिळाले त्यांनी काय पेट्या माळ्यावर टाकायच्या? कल्याणच्या बैठकीत समेवर मान हलवणारे माझे वडील पोस्टात नोकरीला होते. त्यांना कधी कुणी साधा नारळ दिला नाही. पण असे जाणते कान समोर नसतील तर मोठ्या गवयानं तरी गायचं कुणापुढे? डोंबिवलीत नि ठाण्यात गल्लीगल्लीतून गाण्याचे क्लास घेणाऱ्या बाया आहेत. त्यांची नावं पेपरात येत नाहीत, पण पोरांच्या गळ्यात पहिला सा तर त्याच बसवतात. मुलानं संध्याकाळी जिममध्ये जायचं ठरवलं तेव्हा मी विचारलं होतं का, “ऑलिंपिकला जायचंय का?” सुनेनं आठवड्यातले दोन तास मागितले, तर मला थेट दिल्लीचा पुरस्कार हवा!

मी तिचा हात धरला. म्हटलं, “चुकले मी.” ती म्हणाली, “अहो आई, असं काय!” आणि दोघी पावसाकडे बघत बसलो.

मग सामना सुरू झाला. क्रिकेटमधलं मला फार कळत नाही, पण त्या दिवशी जे पाहिलं ते विसरायची नाही. आपल्या सांगलीच्या स्मृती मानधनानं ४५ केल्या, शेफाली वर्मानं ८७, दीप्ती शर्मानं ५८. सगळ्या मिळून ७ बाद २९८. मधल्या सुट्टीत ह्यांचा फोन. एवढ्या कल्लोळात ओरडून विचारताहेत, “शिट्ट्या किती करायच्या?” मी ओरडले, “तीन!” पुढच्या रांगेतली एक पोरगी मागे वळून म्हणाली, “काकू, तीन नाही, दहा विकेट हव्यात!”

दहाही मिळाल्या. दीप्तीनं एकटीनं पाच काढल्या. मध्यरात्रीच्या सुमारास शेवटचा झेल कर्णधार हरमनप्रीत कौरनं घेतला आणि भारत ५२ धावांनी जिंकला. बायकांचा विश्वचषक पहिल्यांदाच आपल्याकडे आला. शेजारची अनोळखी बाई माझ्या गळ्यात पडून रडली आणि मीही रडले.

पण माझ्या मनात घर करून राहिलं ते पुढचं. पोरींनी चषक घेतला आणि तो मिताली राज, झुलन गोस्वामी, अंजुम चोप्रा यांच्या हातात दिला. मिताली आणि झुलन २००५ साली आणि २०१७ साली, दोन्ही वेळा अंतिम सामन्यात हरल्या होत्या. आयुष्यभर खेळून त्यांना जे मिळालं नाही, ते मागून आलेल्या पोरींनी त्यांच्या ओंजळीत ठेवलं. माझ्या पोटात कालवलं. ज्यांना मिळालं नाही त्यांनी मागच्यांचे रस्ते अडवायचे नसतात, एवढं मला त्या मध्यरात्री कळलं.

परतीची गाडी कुठली मिळायला! टॅक्सी करून शिळफाट्यामार्गे घरी पोचलो तेव्हा दोन वाजून गेले होते. ओट्यावर झाकलेली खिचडी. खालून करपलेली, वरून कच्ची. आम्ही दोघींनी ती चाटूनपुसून खाल्ली.

दुसऱ्या दिवशी चौघं बसून ठरवलं. मंगळवारी आणि शुक्रवारी कुकर हे लावणार. पोळ्या माझ्या. छकुलीचा अभ्यास आणि मागचं आवरणं चिरंजीवांकडे. सूनबाईची नोव्हेंबरची परीक्षा मात्र बुडाली. माझ्या एका वाक्याची ती किंमत, आणि ती तिनं भरली, मी नाही. आता तिनं पुढच्या सत्राचा फॉर्म भरला आहे.

ती म्हणते, “आई, तुम्हीही बसा माझ्याबरोबर.” माझा आवाज केव्हाच गेला, त्याची मी खोटी आशा धरत नाही. पण रविवारी सकाळी ती रियाजाला बसली की मी पोळ्या लाटता लाटता मांडीवर ताल धरते. कुठे मात्रा चुकली तर स्वयंपाकघरातून “हं!” असा आवाज जातो. कुकरची शिट्टी तिच्या षड्जाशी जमत नाही, तेवढी एक अडचण आहे. त्यावर अजून उपाय सापडलेला नाही.

तुमच्या घरात कुणी काही शिकू म्हणत असेल, सून, लेक, जाऊ किंवा तुम्ही स्वतःसुद्धा, तर बक्षीस काय मिळणार ते नंतर विचारा. आधी एवढंच ठरवा, त्या दिवशी कुकर कुणी लावायचा?