डोंगर, समुद्र आणि शनिवारचा फुटबॉल

बालमित्रांनो, ऑस्ट्रेलिया म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर काय येतं? उड्या मारणारं कांगारू आणि क्रिकेट, बरोबर ना? आज मात्र आपण तिथे फुटबॉल बघायला जाणार आहोत. तोसुद्धा मोठमोठ्या स्टेडियममधला, टीव्हीवर दिसणारा फुटबॉल नव्हे. एका छोट्या पट्टीतल्या गावागावांतून खेळला जाणारा, ज्याची बातमी फार तर स्थानिक पेपरात येते, असा फुटबॉल! शंभराहून अधिक वर्षं तो तिथे खेळला जातोय.

निघण्यापूर्वी एक सूचना. तिथे गेल्यावर 'फुटी बघायला आलोय' असं म्हणू नका हं! या भागात 'फुटी' म्हणजे रग्बी. लांबट, अंडाकृती चेंडू हातात घेऊन पळतात तो खेळ. आपल्या गोल चेंडूच्या फुटबॉलला तिथले लोक पिढ्यान्‌पिढ्या 'सॉकर' म्हणत आले. राष्ट्रीय संघटनेनं २००५ पासून आपल्या नावात 'फुटबॉल' हा शब्द घेतला, पण म्हाताऱ्या मंडळींच्या तोंडी अजून 'सॉकर'च आहे.

कोकणासारखी पट्टी

सिडनी शहरातून दक्षिणेकडे जाणारी आगगाडी पकडा आणि डाव्या बाजूची खिडकी धरा. आधी दाट जंगल लागतं, मग एकदम समुद्र दिसू लागतो. उजव्या हाताला उंच, हिरवा कडा आणि डाव्या हाताला पॅसिफिक महासागर. मधल्या चिंचोळ्या पट्टीत एकामागून एक गावं. सह्याद्री आणि अरबी समुद्र यांच्यामध्ये आपलं कोकण वसलंय ना, तसंच. फक्त ही पट्टी कोकणापेक्षा खूपच लहान आहे. तिचं नाव इलावारा. सिडनीपासून सुमारे ८० किलोमीटरवर तिचं मुख्य शहर लागतं, वुलनगाँग. म्हणून बघा बरं दोनतीनदा!

या कड्याच्या पोटात दगडी कोळसा आहे. १८४९ मध्ये कीरा डोंगरात इथली पहिली खाण सुरू झाली. ब्रिटनमधून खाणकामगार आले आणि आपल्या बोचक्यांबरोबर त्यांनी एक खेळही आणला. १८८३ साली बालगाउनी नावाच्या खाणकामगारांच्या गावात एक क्लब निघाला, बालगाउनी रेंजर्स. ऑस्ट्रेलियातला सर्वांत जुना, अजून चालू असलेला फुटबॉल क्लब म्हणून तो ओळखला जातो. म्हणजे आपली काँग्रेस १८८५ मध्ये स्थापन झाली, त्याच्याही दोन वर्षं आधी!

खाणीतलं काम सोपं नव्हतं. १८८७ मध्ये बुली गावच्या खाणीत स्फोट होऊन ८१ जण गेले. १९०२ मध्ये माउंट केंब्ला खाणीत त्याहून भयंकर स्फोट झाला. त्यात ९६ जणांचा बळी गेला, आणि त्यांत पोरसवदा मुलंही होती. आठवडाभर अंधारात, जीव मुठीत धरून राबणाऱ्या माणसाला शनिवारी दुपारी उघड्या आकाशाखाली चेंडूमागे धावायला मिळणं म्हणजे काय असेल, विचार करून बघा.

याच बालगाउनीत जन्मलेले 'जूडी' मास्टर्स १९२० च्या दशकात ऑस्ट्रेलियाच्या संघाचे कप्तान झाले. त्यांचं खरं नाव जेम्स, पण सगळे त्यांना 'जूडी' या टोपणनावानंच ओळखत. रेंजर्स क्लबच्या मैदानाला आज त्यांचंच नाव आहे.

सिंह आणि गरुड

पुढे पोर्ट केंब्ला बंदरालगत पोलादाचा प्रचंड कारखाना उभा राहिला. दुसरं महायुद्ध १९४५ मध्ये संपलं, आणि युद्धानं पोळलेल्या युरोपातून हजारो माणसं कामाच्या शोधात इथे आली. इटलीची, ग्रीसची, मॅसिडोनियाची, सर्बियाची. कारखान्यात तीन पाळ्या चालत. शेजारच्या यंत्रावरचा माणूस काय बोलतो ते कळत नसे, कारण प्रत्येकाची भाषा निराळी. पण 'गोल!' ही आरोळी सगळ्यांना कळायची.

या मंडळींनी आपापले क्लब काढले. क्लबचं बोधचिन्ह बघितलंत की त्याचं मूळ गाव ओळखता येतं. गंमत आहे की नाही? कारखान्याला लागून असलेल्या क्रिंगिला वस्तीतल्या मॅसिडोनियन लोकांच्या क्लबाचं नाव 'लायन्स', कारण सिंह हे मॅसिडोनियाचं जुनं चिन्ह. आल्बियन पार्क गावातल्या सर्बियन लोकांचा क्लब 'व्हाइट ईगल्स', कारण त्यांच्या देशाच्या चिन्हात पांढरा गरुड आहे. ग्रीक लोकांच्या क्लबाचं नाव अर्थातच 'ऑलिम्पिक'!

पण सगळ्यांनाच हे आवडत नव्हतं. 'हा परक्यांचा खेळ आहे' असं म्हणून पुष्कळ वर्षं त्याची टिंगल झाली. 'इथे आलात ना, मग जुनी नावं आणि झेंडे कशाला?' असं विचारलं गेलं. १९९० च्या दशकात राष्ट्रीय लीगमधल्या क्लबांना अशी चिन्हं काढायला लावली. २०१४ मध्ये देशभर नियमच झाला की, नव्या नावांतून आणि चिन्हांतून कुठल्या परदेशाची वा जमातीची ओळख दिसता कामा नये. २०१९ मध्ये तो नियम मागे घेतला गेला.

तुम्हांला काय वाटतं? नवीन गावी राहायला गेल्यावर जुन्या गावाचं नाव विसरायलाच हवं का? उत्तर देण्यापूर्वी एक गोष्ट लक्षात घ्या. सिंहांचा संघ आणि गरुडांचा संघ खेळतात ते एकाच लीगमध्ये, एकाच नियमांनी, आणि खेळ संपल्यावर हस्तांदोलन करूनच मैदान सोडतात. शिवाय आता एखाद्या 'मॅसिडोनियन' क्लबाकडून खेळणाऱ्या मुलाचे आजोबा आयर्लंडचे असतात, तर कुणाचे आईवडील काही वर्षांपूर्वी सीरियातून किंवा काँगोमधून आलेले असतात.

आपल्याकडे उन्हाळा, तिकडे किक-ऑफ

आता हंगाम कसा असतो ते पाहू. ऑस्ट्रेलिया पृथ्वीच्या दक्षिण गोलार्धात. त्यामुळे ऋतू आपल्या उलट. आपली वार्षिक परीक्षा संपून घराघरांत आंब्यांचा वास येऊ लागतो, तेव्हा तिथे उन्हाळा सरलेला असतो. क्रिकेटचे स्टंप आवरले जातात आणि त्याच मैदानावर गोलपोस्ट उभे राहतात. मार्च-एप्रिलपासून सप्टेंबरपर्यंत, म्हणजे त्यांच्या सबंध हिवाळ्यात, फुटबॉलचा हंगाम चालतो.

मोठ्यांची वरची पायरी म्हणजे 'इलावारा प्रीमियर लीग'. तिच्या खाली आणखी पायऱ्या. या खेळाडूंचं पोट फुटबॉलवर भरत नाही बरं का! कुणी सुतार, कुणी शिक्षक, कुणी कॉलेजातला विद्यार्थी. दिवसभर काम करून संध्याकाळी दिव्यांच्या उजेडात सराव करायचा आणि शनिवार-रविवारी सामना खेळायचा.

पण खरी धमाल शनिवारी सकाळी. गवतावर दव असतं, तोंडातून वाफ निघत असते आणि सगळी मैदानं चिमुकल्यांनी फुललेली असतात. सहा-सात वर्षांच्या मुलांचे नियम ऐका. एका बाजूला फक्त चार खेळाडू, मैदान इवलंसं, गोलकीपरच नाही! आणि सर्वांत नवलाची गोष्ट म्हणजे गुणतक्ताही नाही. मूल मोठं होत जातं तसतसे सात-सात, मग नऊ-नऊ खेळाडू होतात. बारा वर्षांखालच्या गटापासून अकरा-अकराचा पूर्ण खेळ आणि गुणतक्ता सुरू होतो. तोवर कोण पहिलं, कोण शेवटचं, याचा हिशेब संघटना ठेवतच नाही. मुलं मात्र आपापसात सगळे गोल मोजत असतात, हे सांगायला नकोच!

मध्यंतरात संत्र्याच्या फोडींचा डबा फिरतो. तो आणायची पाळी दर आठवड्याला वेगळ्या घराची. मैदानावर रेषा आखणारे कुणाचे तरी बाबा असतात. कॅन्टीनमध्ये पावात सॉसेज भरून देणारी कुणाची तरी आई असते. जाळी बांधणं, सामना संपल्यावर निशाणं आणि कचरा उचलणं, जर्सी धुणं, हे सगळं घरचेच लोक करतात, आणि तेही फुकट. उलट खेळण्यासाठी दर हंगामाला फी भरावी लागते. ज्या वर्षी ही माणसं मिळत नाहीत, त्या वर्षी क्लबाला एखादा संघ कमी करावा लागतो. मोठे क्लब पैशाअभावी बुडतात, छोटे क्लब माणसांअभावी.

पाऊस आला, सामना गेला

इलावाराच्या हंगामाचा सर्वांत मोठा शत्रू म्हणजे पाऊस. समुद्रावरून ढग येतात, कड्याला अडतात आणि कोसळतात. आपल्या घाटावर पडतो तसाच. मैदानं बहुतेक नगरपालिकेची. गवत उखडू नये म्हणून ती बंद ठेवतात, आणि शुक्रवारी संध्याकाळी मुलं हिरमुसतात. हुकलेले सामने मग मधल्या वारी, रात्री खेळावे लागतात. २०२२ मध्ये तर सिडनी शहरात १८५८ पासूनच्या नोंदींतला सर्वाधिक पाऊस पडला. त्याच्या आदल्या वर्षी, २०२१ मध्ये, करोनामुळे जूनअखेर टाळेबंदी लागली आणि हंगाम अर्ध्यावरच सोडावा लागला. सप्टेंबरात अंतिम सामना झालाच नाही.

एरवी सप्टेंबर म्हणजे उत्कंठेचा महिना. जिंकल्यास ३ गुण, बरोबरी झाल्यास १. अशी सगळ्यांची बेरीज होऊन तक्त्यात जो पहिला, तो लीगविजेता. पण गोष्ट इथे संपत नाही! तक्त्यातले वरचे संघ पुन्हा आपसात बाद फेऱ्या खेळतात आणि शेवटी होते 'ग्रँड फायनल'. त्यामुळे एका हंगामात दोन विजेते असू शकतात. एक सहा महिने सातत्यानं खेळलेला, आणि दुसरा शेवटच्या दिवशी जिद्दीनं जिंकलेला. यांतला मोठा कोण, यावर तिथे वाद रंगतात.

इथून निघालेले

या छोट्या लीगमधून कुणी मोठं झालं का? ऐका तर.

१९७४ च्या विश्वचषकाला ऑस्ट्रेलिया पहिल्यांदाच पात्र ठरला. त्या संघाचा कप्तान पीटर विल्सन आणि आघाडीचा खेळाडू एड्रियन अल्स्टन, दोघेही इंग्लंडहून येऊन प्रथम वुलनगाँगच्या साउथ कोस्ट युनायटेडकडून खेळले होते.

स्कॉट चिपरफील्ड वुलनगाँगचाच. तो बस चालवायचा आणि वुलनगाँग वुल्व्हजकडून खेळायचा. जून २००० मध्ये राष्ट्रीय लीगची ग्रँड फायनल होती, तीन हजार किलोमीटरहून लांब, पर्थमध्ये. त्रेचाळीस हजारांवर प्रेक्षक, बहुतेक सगळे पर्थचे पाठीराखे. मध्यंतराला वुल्व्हज ०-३ असे मागे! दुसऱ्या डावात चिपरफील्डनं पहिला गोल केला. मग दुसरा झाला, आणि अगदी शेवटी तिसरा. ३-३! पेनल्टींवर वुल्व्हज ७-६ असे जिंकले. पुढच्याच वर्षी हा बसचालक स्वित्झर्लंडच्या बासेल क्लबात गेला आणि दोन विश्वचषकांत खेळला.

केटलिन फोर्डचा जन्म १९९४ मध्ये याच पट्टीतल्या शेलहार्बरला झाला. २०११ च्या महिला विश्वचषकात, अवघ्या सोळाव्या वर्षी, ती सर्वोत्तम तरुण खेळाडू ठरली. २०२३ मध्ये विश्वचषक तिच्याच देशात आला तेव्हा डेन्मार्कविरुद्ध तिनं गोल केला आणि ऑस्ट्रेलियाच्या मुली चौथ्या क्रमांकापर्यंत पोचल्या.

पण छोट्या गावांची वाट नेहमीच मोकळी राहत नाही. जुनी राष्ट्रीय लीग २००४ मध्ये बंद पडली. २००५ मध्ये नवी सुरू झाली, तिच्यात वुल्व्हजना जागा नव्हती. दोनदा देश जिंकलेला क्लब एकदम बाहेर! तरी त्यांनी दुकान बंद केलं नाही. वीस वर्षं ते राज्य पातळीवर खेळत राहिले. २०२५ मध्ये दुसऱ्या पातळीची राष्ट्रीय स्पर्धा सुरू झाली, आणि तिच्यात वुल्व्हज होते.

तो क्लब टिकला कशामुळे? गावागावांतून शनिवारची सकाळ चालू राहिली म्हणून. वर जायची शिडी मोडली होती, पण खाली मुलं खेळत होती.

मग दोस्तांनो, आता नकाशा उघडा आणि सिडनीच्या खाली इलावारा शोधा. आणि पुढच्या वेळी तुमच्या मैदानावर जाल, मग खेळ कुठलाही असो, तेव्हा जरा बघा. फक्की कोण मारतं? जाळी कोण बांधतं? पाण्याची कळशी कोण भरून ठेवतं? त्यांचं नाव माहीत नसेल तर विचारून घ्या. आणि एखाद्या दिवशी थोडं लवकर जाऊन फक्कीचं डबडं तुम्हीच हातात घ्या. रेषा सरळ मारणं वाटतं तितकं सोपं नाही बरं!