पेट्रोलपंपावरचा गोलरक्षक

न्यूकॅसल हे इंग्लंडच्या ईशान्येकडचे, कोळशावर आणि जहाजांवर वाढलेले जुने शहर. शहराच्या मधोमध सेंट जेम्स पार्क हे फुटबॉलचे मैदान. १९९५ च्या अखेरीस या मैदानासमोरच्या पेट्रोलपंपावर एक उंचापुरा काळा माणूस आपल्या गाडीत पेट्रोल भरत होता. जवळच पोरांचे एक टोळके उभे होते. त्यांनी त्याच्या कातडीवरून त्याला शिव्या द्यायला सुरुवात केली. हा माणूस काही बोलला नाही. तेवढ्यात त्यांतल्या एकाने त्याला ओळखले. हा तर आपल्या न्यूकॅसल युनायटेडचा गोलकीपर, शाका हिस्लॉप! शिव्या थांबल्या आणि तीच पोरे सही मागायला पुढे आली.

हा प्रसंग हिस्लॉपने स्वतः पुढे अनेकदा सांगितला आहे. मी तो प्रथम वाचला तेव्हा मला त्यातल्या शिव्यांचे विशेष काही वाटले नाही. गोऱ्यांच्या देशात काळ्या माणसाला शिव्या पडतात हे आपण शाळेपासून वाचत आलो आहोत. मला अडकवले ते सहीने. शिवी देणारा एक आणि सही मागणारा दुसरा असता, तर गोष्ट सोपी होती. इथे तोंड तेच होते आणि मधे फक्त चार-दोन क्षण गेले होते.

याला कारण आहे. नोकरीच्या निमित्ताने मी एका शहरात बदलून गेलो, तेव्हा बायको आणि दोन लहान मुलांना घेऊन भाड्याचे घर शोधत होतो. एका बंगल्याच्या वरच्या मजल्यावर दोन खोल्या रिकाम्या होत्या. मालकांशी दहा मिनिटे छान बोलणे झाले. माझ्या मराठीवरून त्यांनी मला देशावरचा ठरवले होते. मग नाव विचारले. नाव ऐकल्यावर त्यांना एकदम आठवले, की खोल्या पुतण्यासाठी ठेवल्या आहेत. आम्ही पायऱ्या उतरत होतो, इतक्यात त्यांचा मुलगा कॉलेजातून आला आणि म्हणाला, ''बाबा, हे आमचे मराठीचे सर!'' मालक लगबगीने खाली आले. ''अहो सर, आधी सांगायचे ना! तुमच्यासारख्यांची गोष्ट वेगळी. तुम्ही काही तसे नाही.'' बायकोने माझ्याकडे पाहिले. आम्ही ते घर घेतले नाही. पण ''तुम्ही तसे नाही'' हे वाक्य त्यानंतर मी इतक्या वेळा ऐकले आहे, की बोलणाऱ्याच्या ओठांची हालचाल सुरू झाली की मला ते कळते. आपल्या वाचकांतल्या बहुतेकांना ते पाठ असेल.

नील शाका हिस्लॉप २२ फेब्रुवारी १९६९ रोजी लंडनच्या हॅकनी भागात जन्मला. आईवडील त्रिनिदादचे. मुलगा लहान असतानाच कुटुंब त्रिनिदादला परतले आणि तो तिथेच वाढला. शाका हे झुलूंच्या राजाचे नाव. कॅरिबियन बेटावरच्या घरात मुलाला आफ्रिकेतल्या राजाचे नाव देणे म्हणजे गुलामगिरीने पुसलेली वंशावळ पुन्हा लिहायला घेणे, असे मी समजतो. शिक्षणासाठी तो वॉशिंग्टनच्या हॉवर्ड विद्यापीठात गेला. अमेरिकेतली यादवी संपल्यावर १८६७ साली स्थापन झालेले, कृष्णवर्णीयांच्या शिक्षणाचा मोठा वारसा असलेले हे विद्यापीठ. तिथे त्याने मेकॅनिकल इंजिनिअरिंगची पदवी घेतली, आणि १९८८ साली हॉवर्डचा संघ आंतरविद्यापीठ स्पर्धेच्या अंतिम सामन्यापर्यंत गेला तेव्हा गोल सांभाळला. तो सामना इंडियानाने १-० असा जिंकला. इंजिनिअर होऊन तो सुखाने कुठेही राहिला असता. १९९२ मध्ये त्याला इंग्लंडच्या रेडिंग क्लबने घेतले आणि हातमोजे त्याच्या हाताला कायमचे चिकटले.

त्रिनिदाद म्हटले की आपल्याला क्रिकेट आठवते. पण आपल्याशी त्या बेटाचे नाते त्याहून जुने आहे. ३० मे १८४५ रोजी कलकत्त्याहून निघालेले एक जहाज त्या बेटाला लागले. त्यात करारावर आणलेले सव्वादोनशे हिंदी मजूर होते आणि जहाजाचे नाव होते 'फतेह अल रझाक', त्या रोजी देणाऱ्याचा विजय! ते मजूर बहुतेक गंगेकाठचे. आपल्या भागातले नव्हेत. त्यांनी बरोबर मोहरम नेला. तिथे त्याला 'होसे' म्हणतात. पोर्ट ऑफ स्पेनच्या सेंट जेम्स भागात आजही ताजिये निघतात, ताशे वाजतात आणि बघणाऱ्यांत, वाजवणाऱ्यांत सर्व जातिधर्मांची माणसे असतात. त्या भागातल्या गल्ल्यांना लखनौ, दिल्ली, बॉम्बे अशी नावे आहेत. १८८४ साली इंग्रज सरकारने सान फर्नांदोत होसेच्या मिरवणुकांवर गोळ्या झाडल्या. त्या मिरवणुकांत हिंदू मजूरही मोठ्या संख्येने होते. मी कोल्हापूरचा. आमच्याकडे ज्या तालमींत पंजे बसतात, त्याच पेठापेठांतल्या तालमींचे फुटबॉल संघ शाहू स्टेडियमवर एकमेकांच्या उरावर बसतात. पंजा आणि फुटबॉल हे एकाच छपराखाली नांदू शकतात हे मला कुणी समजावून सांगावे लागले नाही. याच त्रिनिदादने १९८७ मध्ये नूर हसनअली यांना राष्ट्राध्यक्ष केले. दोन्ही अमेरिका खंडांतले ते पहिले मुसलमान राष्ट्रप्रमुख. हे सगळे हिस्लॉपच्या चरित्रात येत नाही, पण तो ज्या मातीत वाढला ती ही.

इंग्लंडमध्ये काळे खेळाडू तोवर पुष्कळ झाले होते. पण ते पुढे, धावणाऱ्यांत. गोलमध्ये काळा माणूस क्वचित दिसे. त्यामागे एक समज होता: यांच्या पायांत वेग आहे, पण गोल सांभाळायला लागते ते थंड डोके यांच्याकडे नाही, यांच्यावर विसंबता येत नाही. कुठल्याही समाजाला अशी खाती वाटून दिलेली असतात. आमच्या वाट्याला गॅरेज, फळांची गाडी, कव्वाली आणि सिनेमा. तिजोरीची किल्ली मात्र दुसऱ्याकडे. गोल ही फुटबॉलची तिजोरीच.

रेडिंगमध्ये तीन वर्षे उत्तम काढल्यावर ऑगस्ट १९९५ मध्ये केव्हिन कीगन यांनी पंधरा लाखांहून अधिक पौंड मोजून त्याला न्यूकॅसलला नेले. त्या मोसमात न्यूकॅसल एका टप्प्यावर बारा गुणांनी पुढे होते आणि तरी विजेतेपद मँचेस्टर युनायटेडने नेले. मधल्या काळात हिस्लॉप जायबंदी होता. फुटबॉलवाले त्या वर्षाच्या गोष्टी अजून सांगतात. मला त्या वर्षाची दुसरीच गोष्ट महत्त्वाची वाटते. पेट्रोलपंपावरच्या त्या प्रसंगानंतर हिस्लॉपने वर्णद्वेषाविरुद्ध काम उभे करू पाहणाऱ्यांना पन्नास पौंड दिले. त्यातून जानेवारी १९९६ मध्ये जेड ग्रेबी यांनी एक संस्था सुरू केली. तिच्या नावाचा अर्थ 'वर्णद्वेषाला लाल कार्ड दाखवा' असा. काम साधे होते: खेळाडूंनी शाळांत जायचे आणि मुलांशी बोलायचे. हिस्लॉपचा हिशेब मला पटतो. मुलांना ज्याची सही हवी, त्याचे ती ऐकतील. त्याच्या नावाने त्याला पेट्रोलपंपावर वाचवले होते. ज्यांना नाव नाही, त्यांच्यासाठी त्याने ते खर्ची घातले. पन्नास पौंड म्हणजे त्याच्या किमतीच्या मानाने चहापाणी, पण आमच्या समाजात नाव झालेली माणसे तेवढेही करतात का, याचा विचार ज्याचा त्याने करावा. नाव झाले की पहिला फ्लॅट मोहल्ल्याबाहेर, हा आपला शिरस्ता.

१९९८ मध्ये त्याच्यापुढे दुसराच प्रश्न आला. जन्म लंडनचा, त्यामुळे इंग्लंडने त्याला बोलावले. त्या फेब्रुवारीत चिलीविरुद्धच्या सामन्यात तो वेम्बलीवर राखीव म्हणून बसला. पुढच्या महिन्यात एकवीस वर्षांखालील संघाकडून, वयाची सवलत घेऊन, एक सामना खेळला. पण इंग्लंडच्या मुख्य संघाकडून खेळण्याची वेळ आली नाही, आणि १९९९ मध्ये त्याने त्रिनिदाद आणि टोबॅगोची जर्सी घातली. तू नक्की कुणाचा, हा प्रश्न त्याला तेव्हा विचारला गेला असणारच. आपल्याला तो क्रिकेटचा सामना असला की विचारला जातो, तेही न विचारल्यासारखे करून, नजरेने. फरक इतकाच की त्याला खरोखर दोन घरे होती आणि निवडायचा हक्क होता. आपले घर एकच आहे आणि तरी प्रश्न संपत नाही.

त्याने निवडलेले घर फुटबॉलमध्ये दुखावलेले होते. १९ नोव्हेंबर १९८९ रोजी पोर्ट ऑफ स्पेनला अमेरिकेविरुद्ध नुसती बरोबरी साधली असती तरी त्रिनिदाद विश्वचषकाला गेले असते. सारे स्टेडियम लाल कपड्यांत आले होते. अमेरिकेने एक गोल केला आणि ते लाल स्टेडियम गप्प झाले. पुढची सोळा वर्षे तो गोल त्या देशाच्या घशात अडकून राहिला. नोव्हेंबर २००५ मध्ये शेवटची पायरी बहरीनशी पडली. घरी १-१, मग मनामात डेनिस लॉरेन्सच्या डोक्यावरून गोल, आणि १-० असा विजय. त्या दिवशी गोलमध्ये केल्विन जॅक होता, हिस्लॉप नव्हे. आमच्या ओळखीचे रत्नागिरीकडचे एक गृहस्थ मात्र बहरीनच्या बाजूने होते. मला वाटले, दीनी बंधुभाव. तर नाही, त्यांचा पुतण्या मनामात नोकरीला होता आणि बहरीन जिंकले तर मालक सुट्टी देईल अशी आशा होती!

जेमतेम तेरा लाख वस्तीचा, म्हणजे आपल्या नाशिक शहराहूनही लहान असा देश २००६ च्या विश्वचषकाला निघाला. तोवर इतका छोटा देश तिथे पोचला नव्हता. (पुढे २०१८ मध्ये आइसलंडने आणि २०२५ मध्ये पात्र ठरलेल्या कुरासावने तो विक्रम मोडला.) हिस्लॉप तेव्हा सदतीस वर्षांचा. वेस्ट हॅमकडून १३ मे रोजी तो कार्डिफला एफ. ए. कपचा अंतिम सामना खेळला. लिव्हरपूलविरुद्ध वेस्ट हॅम ३-२ ने पुढे होते, नियमित वेळ संपली होती, आणि स्टीव्हन जेरार्डने पस्तीस यार्डांवरून मारलेला चेंडू त्याला चकवून आत गेला. पेनल्टीत त्याने एक अडवली. रेनाने तीन अडवल्या. कप गेला.

१० जून, डॉर्टमुंड. समोर स्वीडन. आपल्याकडे रात्रीचे साडेनऊ वाजले होते. हिस्लॉप राखीव होता. लिओ बीनहाकर यांनी जॅकला निवडले होते. सराव करताना जॅकची पोटरी दुखावली आणि सामना सुरू व्हायला थोडा वेळ उरला असताना हिस्लॉपला सांगितले, उभा राहा. लार्सन, इब्राहिमोविच, ल्युंगबर्ग एकामागून एक येत होते. उत्तरार्ध सुरू होतो न होतो तोच एव्हरी जॉनला लाल कार्ड मिळाले. दहा माणसे उरली. पाऊण तास किल्ला लढवल्यासारखे ते लढले. हिस्लॉप खाली झेपावत होता, वर उडत होता, आणि मधूनच चेंडू हातात घेऊन अगदी शांत उभा राहत होता. घाईत असलेल्या माणसाला चहा पाजावा तसा. ऑलबॅकने जवळून मारलेलाही आत गेला नाही. कॉर्नेल ग्लेनचा फटका तर स्वीडनच्याच आडव्या दांड्यावर आदळला. ०-०. आमच्या घरात मुले झोपली होती म्हणून मला ओरडता आले नाही. इब्राहिमोविचचे वडील बोस्नियाचे मुसलमान, तेव्हा त्याने गोल करावा असे मला वाटायला हवे होते, असे एका मित्राने दुसऱ्या दिवशी सुचवले. मी त्याला म्हटले, त्या रात्री माझा माणूस गोलमध्ये उभा होता.

पाच दिवसांनी न्युरेम्बर्गला इंग्लंड. ज्या देशात तो जन्मला, ज्याच्या राखीव बाकावर बसला, जिथे त्याने शिव्या आणि सह्या दोन्ही पाहिल्या, तो समोर. ८३ मिनिटे इंग्लंडला गोल करता आला नव्हता. मग पीटर क्राउचने ब्रेंट सांचोच्या वेण्या ओढून उंच उडी घेतली आणि डोक्याने चेंडू मारला; पंचांना ते दिसले नाही. आणि वेळ संपता संपता दुसरा गोल. मारणारा पुन्हा जेरार्ड. तेहतीस दिवसांत दोनदा, दोन्ही वेळा शेवटच्या क्षणी, एकाच माणसाने!

पॅराग्वेविरुद्ध पुन्हा जॅकला घेतले आणि हिस्लॉप मुकाट्याने बाकावर बसला. जॅक मधेच जखमी झाला, तेव्हा पुन्हा उठला. ०-२. एकही गोल न करता त्रिनिदाद घरी परतले.

२००७ मध्ये डॅलसच्या क्लबकडून खेळून त्याने हातमोजे काढले. पुढे अमेरिकेत दूरचित्रवाणीवर फुटबॉलचे विश्लेषण करू लागला. जुलै २०२३ मध्ये कॅलिफोर्नियातल्या रोज बोल मैदानावर, थेट प्रक्षेपण चालू असताना, बोलता बोलता तो कोसळला. सावरला. डिसेंबर २०२४ मध्ये त्याने स्वतःच जाहीर केले, की आपल्याला प्रोस्टेटचा कर्करोग झाला आहे आणि उपचार सुरू आहेत. हा आजार आफ्रिकी आणि कॅरिबियन वंशाच्या पुरुषांत अधिक आढळतो, तेव्हा वेळेवर रक्ततपासणी करून घ्या, असे त्याने त्या सगळ्यांना सांगितले. त्या वेळी तो पंचावन्न वर्षांचा होता.