मठार

आईच्या पश्चात जी भांडी माझ्या वाट्यास आली, त्यांत तांब्याचा एक हंडा आहे आणि त्या हंड्याच्या कुशीला तळहाताएवढा एक पोचा आहे. तो कधी पडला, कोणाच्या हातून पडला, याची हकीकत आईलाच ठाऊक होती व ती तिच्याबरोबर गेली. गेल्या चैत्रात एके सकाळी तो हंडा काखोटीस मारून मी आमच्या कसबा पेठेतल्या तांबट आळीत गेलो. पेशवाईच्या अमदानीत कोकणातून येऊन वसलेल्या या आळीतला ठोक्यांचा नाद आता पूर्वीसारखा अखंड राहिलेला नाही. तरी पाहुण्याला दोन वाक्ये मोठ्याने बोलावी लागतील इतपत तो अजून आहे. तांबटाने हंडा मांडीवर घेतला, आत हात घालून पोचा चाचपला आणि सवयीने विचारले, "मोडीत घालायचा का? वजनाचा भाव धरून नवा देतो." मी म्हणालो, "नको, एवढा पोचा तेवढा काढून द्या." त्यावर तो म्हणाला, "पोचा निघेल हो, पण इथला मठार बसून जाईल. तो पुन्हा मारावा लागेल, आणि मग एवढाच तुकडा नवा दिसेल. बघा, विचार करून सांगा."

मठार म्हणजे भांड्याच्या अंगावर ओळीने उठविलेल्या हातोडीच्या त्या वाटोळ्या खुणा. पाहणाऱ्यास ती नक्षी वाटते. वस्तुतः तांबे त्या मारानेच कडक होते, आणि भरल्या पाण्याचा भार सोसण्याचे बळ हंड्यास येते ते त्या शेकडो घावांमुळे. मी हंडा तसाच उचलून घरी आणला.

तो आठवडा ख्रिस्ती मंडळींचा पवित्र आठवडा होता. वसंतसंपातानंतरच्या पौर्णिमेमागून येणारा रविवार तो ईस्टरचा. सर्वांनी तो एकाच रविवारी पाळावा, हे इ.स. ३२५ मध्ये निकेयाच्या धर्मपरिषदेने मुक्रर केले. म्हणजे बहुतेक वर्षी आमच्या हनुमानजयंतीचा चंद्र आणि त्यांच्या ईस्टरचा चंद्र एकच असतो, आणि शेजारी राहूनही हे माझ्या ध्यानी यावयास वयाची पन्नाशी उलटावी लागली. ध्यानी आणून दिले ते मास्तरांनी. मास्तरांचे घराणे मूळचे नगर जिल्ह्यातले, तीन पिढ्यांचे ख्रिस्ती. त्यांनी उभा जन्म शाळेत संस्कृत शिकविण्यात घालविला. उत्तम शुक्रवारच्या उपासनेहून परत येताना ते माझ्या ओट्यावर टेकले, तेव्हा हंड्याची गोष्ट मी सहज सांगितली. ऐकून ते थोडे हसले व म्हणाले, "तुमच्या तांबटाने तुमच्या-आमच्या धर्मातले अंतर एका वाक्यात सांगितले की! तुमच्याकडे मोड चालते. आमच्याकडे चालत नाही."

त्यांचे बोलणे मला उमगावयास दोन दिवस लागले. देह जीर्ण झाला की टाकावा, आत्मा तेवढा अविनाशी, तो दुसऱ्या देहात जाईल, ही समजूत आम्हांस आईच्या दुधाबरोबर मिळालेली असते. भांडे झिजले, मोडीत घातले, धातू तोच, घडण नवी. या समजुतीत मोठे सांत्वन आहे, हे मी आईच्या दहाव्या दिवशी घाटावर अनुभवले आहे, आणि म्हणूनच येशूच्या पुनरुत्थानाची वार्ता कानी पडली म्हणजे आमच्यासारखा माणूस सहिष्णुतेने मान डोलावून म्हणतो, "बरोबरच आहे, आत्म्याला मरण नाहीच." परंतु ख्रिस्ती धर्माचे म्हणणे ते नव्हे. अथेन्सच्या अरीयपगावर पौल बोलू लागला, तेव्हा तिथल्या तत्त्वज्ञांनी त्याचे बाकीचे भाषण निमूटपणे ऐकून घेतले आणि मेलेल्यांच्या उठण्याचा विषय निघताच काहींनी थट्टा आरंभिली; कारण आत्म्याच्या अमरत्वाची कल्पना त्यांना अपरिचित नव्हती, पण मेलेले शरीर उठते ही गोष्ट त्यांच्या सुसंस्कृत बुद्धीला गावंढळ वाटली. शुभवर्तमानातला उठलेला येशू मात्र त्या गावंढळपणाची जराही लाज बाळगीत नाही. तो शिष्यांपाशी खावयास मागतो, भाजलेल्या माशाचा तुकडा त्यांच्यादेखत खातो, आणि शंका काढणाऱ्या थोमाला हातांवरचे व्रण दाखवून कुशीत हात घालावयास सांगतो. ज्या सामर्थ्याने मृत्यूवर मात केली, त्या सामर्थ्याला खिळ्यांच्या चार खुणा बुजविणे अवघड नव्हते. त्या बुजविल्या नाहीत. साऱ्या कथेत मला हीच गोष्ट सर्वांत विलक्षण वाटते, आणि सणाच्या भाषणांतून तिच्याविषयी सर्वांत कमी ऐकू येते.

एरवी सरकारदरबारी प्रकरण मिटले होते. सुभेदार पिलाताच्या हुकुमाने शिक्षेची अंमलबजावणी झाली होती, कबरेच्या धोंडेवर मोहर होऊन पहारा बसला होता, आणि कागद दप्तरी दाखल करून कारकुनांनी लेखण्या खाली ठेवाव्यात इतका चोख बंदोबस्त होता. असा बंदोबस्त आमच्या पेठेनेही एकदा पाहिला आहे. सुमारे १६३० मध्ये आदिलशाही सरदार मुरार जगदेवाने पुणे जाळले, गावठाणावर गाढवांचा नांगर फिरविला आणि लोखंडी पहार ठोकून ही जागा कायमची उजाड ठरविली, असे सांगतात. पुढे जिजाबाई बाळ शिवाजीस घेऊन आल्या, सोन्याचा फाळ लावून तीच भूमी नांगरली गेली आणि कसब्याच्या गणपतीची स्थापना झाली. हेच आमचे पुनरुत्थान, असे मी मास्तरांना मोठ्या अभिमानाने म्हटले होते. त्यांनी व्याकरणात पकडले. "तुमचे गाव लोकांनी उठविले," ते म्हणाले, "त्या कबरेपाशी नांगर धरणारा कोणी नव्हता. म्हणून आमच्या ग्रंथात पुष्कळ ठिकाणी 'तो उठला' असे न म्हणता 'देवाने त्याला उठविले' असे म्हटले आहे. कर्ता बदलला की सगळे बदलते." संस्कृतच्या शिक्षकाशी वाद घालण्यात हा धोका असतो.

आणि ही वार्ता प्रथम आणली कोणी? मग्दालीया मरीया व तिच्यासोबतच्या स्त्रियांनी. म्हणजे त्या काळच्या न्यायसभेत ज्यांच्या साक्षीला पुरुषाच्या साक्षीचे वजन नव्हते, अशांनी. कथा रचूनच सांगावयाची असती तर कोणी शहाणा असे साक्षीदार निवडता ना. मार्काच्या शुभवर्तमानाच्या सर्वांत जुन्या ज्या प्रती आहेत, त्या तर कबरेपासून पळालेल्या त्या स्त्रियांच्या भयावर आणि मौनावरच थांबतात. पुण्यात बसून हे वाचताना पंडिता रमाबाईंची आठवण टाळता येत नाही. मुंबईत १८८९ साली उघडलेले त्यांचे शारदासदन पुढल्या वर्षी पुण्यास आले, आणि घरादाराने जिवंतपणी मोडीत काढलेल्या मुली तिथे पाटी-पुस्तक घेऊन बसू लागल्या. त्यांतल्याच गोदूबाईंशी १८९३ मध्ये धोंडो केशव कर्व्यांनी विवाह केला. गोदूबाई काही ख्रिस्ती झाल्या नाहीत. धर्मांतराच्या वादाने मात्र त्याच वर्षी सदनातल्या पुष्कळ मुली पालकांनी काढून नेल्या. पुढे केडगावी राहून रमाबाईंनी हिब्रू व ग्रीक मुळांवरून बायबल मराठीत उतरविले, आणि साध्या बाईमाणसास कळावे म्हणून जड संस्कृत शब्द कटाक्षाने टाळले. ती शिस्त या लेखात मला साधलेली नाही, हे वाचकांनी पाहिलेच असेल. एकुलती एक मुलगी मनोरमा १९२१ च्या जुलैत गेली. त्यानंतर ५ एप्रिल १९२२ रोजी, ईस्टरला अकरा दिवस उरले असता, रमाबाईही गेल्या.

रविवारी पहाटे मास्तरांबरोबर मीही निघालो. फडके हौदावरून बोहरी आळीतून आम्ही गुरुवार पेठेत पोहोचलो, तेव्हा पंचहौदाच्या उंच मनोऱ्यामागे आभाळ नुकते फिकट होत होते. १८८५ साली उभारलेल्या त्या पवित्र नाम देवालयात दिवे कमी होते, हातोहात मेणबत्त्या पेटत गेल्या, आणि पाळकांनी "प्रभू उठला आहे" म्हणताच साऱ्या मंडळीने "खरोखर उठला आहे" असा जबाब दिला. माझे ओठ मिटलेले होते. जे पटले नाही ते केवळ सौजन्यापोटी म्हणू नये, असे मला वाटते. पण त्या जबाबातला एक थरथरता आवाज शेजारच्या मास्तरांचा होता आणि तो अजून कानात आहे.

बाहेर आवारात लोक एकमेकांस सलाम करीत होते, चहा-बिस्किटे फिरत होती. १८९० साली पंचहौद मिशनातल्या अशाच चहा-बिस्किटांवरून टिळक-रानड्यांसारख्यांवर ग्रामण्य होऊन प्रकरण शंकराचार्यांपर्यंत आणि प्रायश्चित्तापर्यंत गेले होते. मी बिस्किट बुडवून खाल्ले. मास्तर भिंतीच्या कठड्यावर बसले, चहा बशीत ओतून निववू लागले, आणि कोणी काही विचारले नसता बोलू लागले.

"आमच्या मंडळींच्या डाव्या करंगळीला शेवटचे पेर नव्हते. लहानपणी अडकित्त्यात गेलेले. लग्नात मी ते पाहिले नव्हते, ती हात पदराखाली ठेवी. पुढे पोळ्या लाटताना ती करंगळी अशी वर उचललेली असायची." त्यांनी स्वतःचा हात बशीवरून उचलून तसा धरून दाखविला. "सात वर्षे झाली. मी कधी कधी मनात म्हणतो, तिकडे ते पेर तिला परत मिळाले असेल का? मग वाटते, मिळालेले नसू दे. नाहीतर एवढ्या गर्दीत मी तिला ओळखायची कशी?"

आणि बशी तोंडाला लावून त्यांनी उरलेला चहा संपविला.