मुके सोबती

बीड जिल्ह्याच्या पश्चिम टोकाला आष्टी तालुका आहे. बालाघाटाच्या उतारावरील ही भूमी उथळ मातीची; येथला पाऊसही लहरी. अशा मुलखात माणसाला एकट्याने जगता येत नाही. त्याला मुक्या सोबत्यांचा आधार लागतो. मात्र हा सोबती प्रत्येकाच्या दारी निराळा असतो. शेतकऱ्याच्या दावणीला बैल, धनगराच्या वाड्यापाशी मेंढ्या आणि कुत्रा, कुंभाराच्या अंगणात गाढव. मुसलमानाच्या घरात मांजर निर्धास्तपणे वावरते; कुत्रा मात्र बहुधा दाराबाहेर राहून राखण करतो. कोणी कोणते जनावर पाळावे, हे केवळ आवडीने ठरत नाही. त्यामागे पिढ्यान्‌पिढ्यांचा व्यवसाय असतो, श्रद्धा असते आणि समाजाने त्या माणसाला दिलेले स्थानही असते.

शेतकऱ्याचा बैल घ्या. श्रावणी अमावास्येच्या आदल्या दिवशी बैलाच्या खांद्याला तूप आणि हळद चोळतात. वर्षभर जू वाहून दुखावलेल्या खांद्याची ती सेवा असते. पोळ्याच्या दिवशी त्याच्या मानेवर जू ठेवत नाहीत. त्याला न्हाऊ घालून, शिंगे रंगवून, पाठीवर झूल चढवून मिरवतात आणि पुरणपोळीचा घास भरवतात. दसरा सरला की तालुक्यातील कितीतरी कुटुंबे कोयता घेऊन ऊसतोडीला जातात. ज्यांची बैलगाडी असते, त्यांचे बैलही त्यांच्याबरोबर गाव सोडतात. माणसे पालात राहतात आणि बैल पालाशेजारी बांधलेले असतात. थंडीवारा दोघांनाही सारखाच! २०१९ च्या दुष्काळात बीड जिल्ह्यात चारा छावण्या उघडल्या गेल्या, तेव्हा अनेक शेतकरी घरदार सोडून आपल्या गुरांपाशी छावणीतच राहिले. ज्याच्या बळावर घर चालते, त्याला संकटात एकटे कसे टाकावे?

धनगराचे मन कुत्र्याशी असेच जडलेले असते. रात्री रानात कळप बसला की लांडग्याची चाहूल प्रथम कुत्र्याला लागते. धनगरांचे दैवत जेजुरीचा खंडोबा. त्याच्या चित्रात घोड्याबरोबर कुत्राही दिसतो. जो रानात सोबत करतो, त्याला देवाजवळही जागा मिळाली, यात नवल नाही.

पारशी समाजातही कुत्रा पवित्र मानला जातो. मृत देहावर कुत्र्याची दृष्टी पाडण्याचा त्यांचा जुना विधी आहे. त्याला ‘सगदीद’ म्हणतात. इंग्रजी अमलात मुंबईत मोकाट कुत्री मारण्याचा हुकूम निघाला होता. मारणाऱ्याला त्याबद्दल पैसेही मिळत. जो प्राणी पारशांना पूज्य, तो सरकारला नुसता उपद्रव वाटला. अखेर जून १८३२ मध्ये पारशी लोक रस्त्यावर उतरले. इतर धर्मांचे लोकही त्यांना मिळाले, बाजारपेठ बंद पडली आणि गोऱ्या सैनिकांना बोलवावे लागले. पुढे जमशेटजी जीजीभाई यांनी पुढाकार घेतला. १८३४ साली मुंबईत पांजरपोळ स्थापन झाला आणि निराधार जनावरांना आसरा मिळाला.

परंतु सर्वच जनावरांच्या वाट्याला असा मान येत नाही. आष्टीच्या शेजारी पाथर्डी तालुक्यात मढी हे गाव आहे. तेथे कानिफनाथांची यात्रा भरते आणि रंगपंचमीच्या सुमारास गाढवांचा मोठा बाजार होतो. वडार, बेलदार, कैकाडी, कुंभार असे कष्टकरी लोक दुरून येतात. ते गाढवाचे दात पाहतात, पाय पाहतात आणि मग सौदा करतात. माती, विटा, दगड वाहणारे हे जनावर त्यांचे लेकुरवाळे घर चालवते. त्यांच्या दृष्टीने त्याचे मोल बैलाहून कमी नाही. गावात मात्र ‘गाढव’ हा शब्द शिवी म्हणून वापरतात! बैल ओझे वाहतो, गाढवही ओझे वाहते; मग एकाला पुरणपोळी आणि दुसऱ्याला शिवी का? कारण उघड आहे. बैलाचा धनी गावाच्या मध्यभागी राहत असे, तर गाढवाचा धनी गावाच्या कडेला. धन्याला जी पायरी मिळाली, तीच जनावरालाही मिळाली.

आणि काही माणसांना तर जनावराचीही पायरी मिळाली नाही. महाडच्या चवदार तळ्यावर गुरेढोरे खुशाल पाणी पीत. अस्पृश्य मानलेल्या माणसांना मात्र तेथे मज्जाव होता. सार्वजनिक पाणवठे सर्वांना खुले करावेत, असा ठराव मुंबईच्या कायदेमंडळाने १९२३ सालीच केला होता. पण तो कागदावर राहिला. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर आपल्या हजारो अनुयायांसह त्या तळ्यावर गेले आणि त्यांनी ओंजळभर पाणी प्यायले. त्यानंतर काही लोकांनी काय केले? गाईचे शेण आणि गोमूत्र घालून तळे ‘शुद्ध’ केले! गाईविषयी पूज्यभाव होता. पण तान्हेल्या माणसाविषयी करुणा नव्हती. पुढे दहा वर्षांनी, १९३७ साली, मुंबई उच्च न्यायालयाने अस्पृश्यांचा त्या पाण्यावरील हक्क मान्य केला.

याच मराठवाड्याच्या मातीत पैठणला संत एकनाथ होऊन गेले. काशीहून रामेश्वरासाठी आणलेले गंगाजल त्यांनी वाळवंटात तडफडणाऱ्या गाढवाच्या मुखात घातले, अशी कथा आहे. त्याच नाथांनी तापलेल्या वाळूत रडणारे अस्पृश्याचे मूल कडेवर उचलून घेतले, असेही सांगतात. या दोन कथा एकत्रच ध्यानात ठेवाव्यात. नाथांनी गाढवाची जात पाहिली नाही आणि मुलाचीही पाहिली नाही. एकाची तहान पाहिली, दुसऱ्याचे रडणे ऐकले.

प्रत्येक समाजाची रीत वेगळी असते, म्हणून प्रत्येकाचा मुका सोबतीही वेगळा असतो. दुसऱ्याच्या सोबत्याला हसणे म्हणजे त्याच्या कष्टांना हसणे होय. पोळ्याला बैलापुढे ताट ठेवणारा हात मढीच्या वाटेवरील गाढवाला आणि त्याच्या धन्यालाही पाणी देईल, तेव्हाच ती भूतदया पुरी झाली असे म्हणता येईल.